व्हिटा केंद्रावर पहिल्यांदाच बसताय? करदात्याची माहिती अशी सांभाळा

अमेरिकेत जानेवारीच्या अखेरीपासून १५ एप्रिलपर्यंत ग्रंथालयं, चर्चची सभागृहं, कम्युनिटी कॉलेजं आणि ज्येष्ठ नागरिकांची केंद्रं अशा ठिकाणी फुकट टॅक्स रिटर्न भरून देणारी टेबलं लागतात. बेताच्या उत्पन्नाच्या लोकांसाठी 'व्हिटा' आणि साठीपुढच्यांना प्राधान्य देणारा 'टीसीई' असे हे दोन कार्यक्रम आहेत. दोन्ही आयआरएसच्या, म्हणजे अमेरिकी करखात्याच्या देखरेखीखाली चालतात, काम मात्र स्वयंसेवक करतात. विद्यापीठाच्या गावांत आणि मोठ्या शहरांत या स्वयंसेवकांत मराठी माणसंही असतात. कुणी अकाउंटिंगचे विद्यार्थी असतात, कुणी आयटीतून निवृत्त झालेले. हा लेख त्यांच्यातल्या नवख्यांसाठी आहे. करकायदा प्रशिक्षणात शिकवला जातोच, इथे फक्त माहितीच्या सुरक्षेबद्दल बोलू.

एका जोडप्याचं साधं संयुक्त रिटर्न भरताना तुमच्यासमोर काय काय येतं ते पाहा: दोघांचे आणि मुलांचे सोशल सिक्युरिटी नंबर, जन्मतारखा, पत्ता, मालकाचं नाव, पगार, बँकेचा राउटिंग नंबर आणि खातेक्रमांक, कधी घटस्फोटाची तारीख, कधी आजारपणाचा खर्च. दुसऱ्याच्या नावानं खोटं रिटर्न भरून रिफंड लाटायला किंवा क्रेडिट कार्ड काढायला चोराला याहून जास्त काही लागत नाही. शिवाय पासवर्ड बदलता येतो. सोशल सिक्युरिटी नंबर बहुधा जन्मभर तोच राहतो.

नवख्यांच्या डोक्यात हॅकरची भीती असते. ती रास्त आहे, पण केंद्रावर रोज सांभाळायच्या गोष्टी बऱ्याच साध्या असतात. प्रिंटरवर राहिलेलं पान, दुसऱ्याच्या पाकिटात गेलेला डब्ल्यू-२ (पगाराचा वार्षिक फॉर्म), मोबाइलमधला फोटो, ओळखीच्या माणसाबद्दल सहज निघालेला शब्द. म्हणून एक धोरण पक्कं करा. कामाला लागेल तेवढीच माहिती बघायची, आणि करदाता उठून गेला की त्याचं काहीही आपल्याकडे उरू द्यायचं नाही. पुढच्या सगळ्या पायऱ्या त्यातूनच निघतात.

सीझन सुरू होण्याआधी

प्रत्येक स्वयंसेवकाला, अगदी दारावर टोकन देणाऱ्यालाही, आचारसंहितेची परीक्षा द्यावी लागते. ती ८० टक्क्यांनी पास झाल्यावर फॉर्म १३६१५ वर सही करायची. तुमचं सरकारी फोटो ओळखपत्र पाहून कोऑर्डिनेटरही त्यावर सही करतो. ही सही होईपर्यंत कुणाच्याही कागदाला हात लावू नका, मग 'तेवढी जरा मदत कर' असं कितीही प्रेमानं सांगितलं तरी.

वाचायचंच असेल तर प्रकाशन ४२९९ वाचा. गोपनीयतेचे नियम त्यात एका जागी आहेत आणि ते फार मोठं नाही. दुसरी पाहण्याजोगी गोष्ट म्हणजे तुमच्या केंद्राचा फॉर्म १५२७२, म्हणजे सुरक्षा योजना. केंद्र उघडण्याआधी तो दर वर्षी भरायचा असतो. इंटरनेट कुठलं, लॅपटॉप रात्री कुठे ठेवायचे, कागद कुठल्या कपाटात, गडबड झाली तर कुणाला कळवायचं, हे सगळं त्यात असतं. कोऑर्डिनेटरकडे तो मागून घ्या. मागच्या वर्षीचा मजकूर जसाच्या तसा उतरवला असेल आणि कपाट आता त्या खोलीत नसेल, तर पहिल्याच आठवड्यात सांगून टाका.

शिक्षेचंही माहीत असू द्या. रिटर्नसाठी मिळालेली माहिती जाणूनबुजून किंवा बेफिकिरीनं दुसऱ्याला देणं किंवा दुसऱ्या कामासाठी वापरणं हा अमेरिकी करसंहितेच्या कलम ७२१६ खाली गुन्हा आहे. त्याला एक वर्षापर्यंत कैद, १,००० डॉलरपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतं, आणि प्रकरण ओळखचोरीशी जोडलेलं असेल तर दंडाची मर्यादा १ लाख डॉलरपर्यंत जाते. 'आम्ही तर फुकट काम करतो' ही सबब इथे चालत नाही. स्वयंसेवकांना संरक्षण देणारा १९९७ चा कायदा प्रामाणिक चुकांपुरता आहे, मुद्दाम केलेल्या गोष्टींना तो लागू होत नाही.

टेबल कसं मांडायचं

जागा उसनी असते, खुर्च्याही हलक्या असतात, त्यामुळे मांडणी दर शनिवारी बदलते. केंद्र उघडायच्या आधी पाच मिनिटं हे करा. तुमच्या खुर्चीच्या मागे भिंत हवी, रांग किंवा दार नको. मागे काचेची खिडकी असेल तर पडदा ओढा. मग रांगेतल्या पहिल्या खुर्चीवर स्वतः बसून पाहा की स्क्रीन वाचता येते का. येत असेल तर टेबल फिरवा, नाहीतर स्क्रीनवर प्रायव्हसी फिल्टर लावा. फिल्टरनं बाजूनं बघणाऱ्याला काळं दिसतं, पण बरोबर मागे उभ्या असलेल्याला सगळं दिसतं. म्हणून भिंतीची जागा फिल्टर घेऊ शकत नाही.

दोन टेबलांमध्ये इतकं अंतर ठेवा की नेहमीच्या आवाजातलं बोलणं पलीकडे समजणार नाही. जागा कमी असेल तर एक टेबल कमी लावलेलं परवडतं.

दारावरची नावनोंदणीची वही हा हमखास दुर्लक्षित प्रकार आहे. वहीत पूर्ण नाव, फोन आणि येण्याचं कारण लिहिलं की दहाव्या नंबरच्या माणसाला आधीचे नऊ जण वाचायला मिळतात. टोकन द्या आणि नंबर पुकारा. यादी ठेवावीच लागली तर ती स्वागतकाच्या हातात, मजकूर आत करून. सोशल सिक्युरिटी नंबर तिथे कोणत्याही परिस्थितीत लिहून घ्यायचा नाही.

लॅपटॉप आणि नेट

आयआरएसनं उसना दिलेला लॅपटॉप एन्क्रिप्ट केलेला येतो. संस्थेचा स्वतःचा असेल तर विंडोजवर बिटलॉकर किंवा 'डिव्हाइस एन्क्रिप्शन' आणि मॅकवर फाइलव्हॉल्ट चालू आहे का ते सेटिंगमध्ये जाऊन प्रत्यक्ष बघा, 'असेलच' असं धरून चालू नका. रिकव्हरी की लॅपटॉपच्या पोटाला चिकटवून ठेवली असेल तर एन्क्रिप्शन असून नसल्यासारखं. घरचा लॅपटॉप, ज्यावर मुलं खेळतात, तो या कामाला आणू नये.

सॉफ्टवेअरमध्ये (व्हिटात ते टॅक्सस्लेअर असतं) प्रत्येकाचं युजरनेम वेगळं हवं. गर्दीत 'माझ्या लॉगिननं कर' हे सर्रास होतं आणि तिथेच हिशेब तुटतो, कारण उद्या एखाद्या रिटर्नमधला खातेक्रमांक बदललेला सापडला तर तो कुणी बदलला हे कळायला मार्ग उरत नाही. पासवर्ड लांब ठेवा, ब्राउझरला तो लक्षात ठेवू देऊ नका आणि दुसऱ्या टप्प्याचा कोड कुणालाही फोनवर सांगू नका. खुर्चीवरून उठताना विंडोजवर विंडोज आणि एल, मॅकवर कंट्रोल, कमांड आणि क्यू ही बटणं एकदम दाबायची हाताला सवय लावा. प्रिंटरपर्यंत जायचं असलं तरी.

ग्रंथालयाचं खुलं वाय-फाय वापरायचं नाही. भिंतीवर ज्याचा पासवर्ड लिहिलाय तेही खुल्याच जातीचं. तिथे कुणीही त्याच नावाचं खोटं नेटवर्क उभं करू शकतो आणि लॅपटॉप मुकाट्यानं त्याला जोडला जातो. केंद्राचं स्वतःचं, किमान डब्ल्यूपीए-२ एन्क्रिप्शनचं आणि पासवर्ड फक्त टीमला माहीत असलेलं नेटवर्क हवं. नाहीतर संस्थेचा हॉटस्पॉट. तारेनं जोडता आलं तर सर्वांत बरं.

आता डाउनलोड फोल्डर. रिटर्न टॅक्सस्लेअरच्या सर्व्हरवर राहतं, त्यामुळे लॅपटॉपवर काही नसतं अशी समजूत होते. पण प्रिंट काढायला पीडीएफ उघडलीत की ब्राउझर बहुतेक वेळा तिची प्रत 'डाउनलोड्स'मध्ये टाकतो. आठ तास काम केलेल्या लॅपटॉपवर संध्याकाळी अख्ख्या रांगेची रिटर्न पडलेली असतात. प्रत्येक करदाता गेल्यावर ते फोल्डर उघडा, फाइल काढा आणि रिसायकल बिनही रिकामं करा. क्रोमबुक असेल तर गेस्ट मोड वापरा, त्यात सत्र संपवलं की तिथे साठलेलं पुसलं जातं.

करदाता समोर बसल्यावर

आधी ओळखपत्र, मग सोशल सिक्युरिटी कार्ड किंवा आयटिनचं पत्र. आयटिन म्हणजे सोशल सिक्युरिटी नंबर मिळू न शकणाऱ्यांना करासाठी दिलेला क्रमांक, तो ९ या आकड्यानं सुरू होतो. नंबर कार्डावरून बघून टाइप करा, तोंडी विचारू नका आणि टाइप करताना मोठ्यानं म्हणूही नका. करदात्याला ताळा करून बघायचा असेल तर स्क्रीन त्याच्याकडे वळवा. खातेक्रमांकाचंही तसंच. तो चेकवरून किंवा बँकेच्या कागदावरून घ्यायचा. आयआरएसनं ३० सप्टेंबर २०२५ पासून रिफंडचे कागदी चेक बंद करत आणायला सुरुवात केली आहे. त्यामुळे खातेक्रमांक आता जवळजवळ प्रत्येक रिटर्नमध्ये येतो, आणि एक आकडा चुकला तर पैसे दुसऱ्याच्या खात्यात जाण्याची शक्यता असते.

'आपण मराठीत बोलतोय, कुणाला कळणार!' हा भ्रम सोडा. न्यू जर्सीत किंवा बे एरियात मागच्या खुर्चीवर बसलेल्या गुजराती किंवा हिंदीभाषक माणसाला 'पगार', 'घटस्फोट', 'नोकरी गेली' हे सगळं कळतं. संवेदनशील प्रश्न फॉर्म १३६१४-सीवर, म्हणजे करदात्यानं सुरुवातीला भरलेल्या माहितीच्या फॉर्मवर, बोट ठेवून विचारता येतो. वयस्कर आईवडिलांसोबत मुलगा किंवा सून दुभाषी म्हणून येते, तेव्हा रिटर्न ज्यांचं आहे त्यांनाच विचारा की यांच्यासमोर बोललेलं चालेल का. सासऱ्यांच्या नावावर किती ठेव आहे हे सुनेला कळावं अशी त्यांची इच्छा असेलच असं नाही.

आपल्याकडच्या माणसाला कुठल्याही कार्यालयात जाताना अख्खी फाइल न्यायची सवय असते. आधार, पॅन, पासपोर्टच्या झेरॉक्सची चळत, एनआरई खात्याचं पासबुक, सगळं टेबलावर येतं. त्यातलं जे रिटर्नला लागत नाही ते लगेच परत द्या. आधार कार्डाचं तुमच्या कामात काही प्रयोजन नाही. भारतातल्या ठेवीचं व्याज दाखवायचं असेल तर बँकेचं व्याजाचं विवरण पुरतं. परदेशी विद्यार्थ्यांसाठीच्या केंद्रांवर मात्र पासपोर्ट, व्हिसा आणि आय-९४ प्रवेशनोंद बघावीच लागते, कारण निवासी की अनिवासी हे अमेरिकेतल्या मुक्कामाच्या तारखांवर ठरतं. तारखा पाहा, लागेल ते सॉफ्टवेअरमध्ये भरा आणि पासपोर्ट मालकाच्या हातात द्या. झेरॉक्स घेऊ नका, आग्रहानं दिली तरी.

आयपी पिन असलेले लोकही येतात. आपल्या नावानं दुसऱ्यानं रिटर्न भरू नये म्हणून असलेला हा सहा आकडी क्रमांक आयआरएस दर वर्षी नवा देते आणि अशांच्या रिटर्नमध्ये तो नसेल तर ई-फाइल केलेलं रिटर्न नाकारलं जातं. मागच्या वर्षीचा चालत नाही. तो फक्त रिटर्न भरताना टाकायचा आणि चिठ्ठीवर उतरवून ठेवायचा नाही. आयआरएस हा पिन फोन करून कधीच विचारत नाही, हे ज्येष्ठांना जाता जाता सांगून ठेवलेलं बरं.

रफ कागदावर बेरजा कराव्या लागतातच. एका करदात्याला एक कोरा कागद द्या आणि शेवटी तो त्याच्याच पाकिटात घाला. वही वापरू नका, वहीचं मागचं पान पुढच्या माणसाला दिसतं.

मोबाइल

टेबलावर मोबाइल उलटा किंवा खिशात ठेवायचा. कागदाचा फोटो काढायचा नाही, 'नंतर डिलीट करतो' म्हणूनही नाही. फोटो काढल्या क्षणी तो क्लाउडवर, घरच्या टॅबवर आणि टीव्हीच्या स्क्रीनसेव्हरवर पोचू शकतो.

व्हॉट्सॲपचा मोह आपल्या लोकांत सर्वांत जास्त. करदाता घरी जाऊन म्हणतो, 'एक १०९९ राहिला, पाठवू का?' (१०९९ म्हणजे व्याजासारख्या पगाराबाहेरच्या उत्पन्नाचा फॉर्म.) उत्तर एकच: केंद्रावर घेऊन या, किंवा केंद्रानं मान्य केलेल्या सुरक्षित पोर्टलवर चढवा. व्हॉट्सॲपचे संदेश वाटेत एन्क्रिप्टेड असतात हे खरं, पण पोचल्यावर ते तुमच्या गॅलरीत आणि बॅकअपमध्ये बसतात, आणि तिथून कुठे जातात यावर केंद्राचा ताबा नसतो. न मागता कुणी पाठवलंच तर पुढे कुणालाही धाडू नका. कोऑर्डिनेटरला सांगा, गॅलरी आणि चॅट दोन्हींतून काढा आणि पाठवणाऱ्यालाही त्याच्या बाजूनं काढायला सांगा.

तसंच अडलेल्या प्रश्नाचं. भारत-अमेरिका करारातला मुद्दा अडला आणि पुण्यातल्या सीए मित्राला स्क्रीनशॉट पाठवून विचारावंसं वाटलं तर थांबा. करदात्याची माहिती अमेरिकेबाहेर पाठवायला त्याची स्पष्ट लेखी संमती लागते आणि सोशल सिक्युरिटी नंबरबाबत नियम आणखी कडक आहेत. प्रश्न नाव-आकडे काढून, फक्त तत्त्व म्हणून विचारा, तोही आधी केंद्रातल्या जाणत्यांना. एआय चॅटबॉट आणि फोटोवरून भाषांतर करणारी ॲप्स यांनाही हेच लागू आहे. दुसऱ्याचं पत्र त्यांत टाकणं म्हणजे ते बाहेरच्याला देणंच.

प्रिंटर आणि पाकीट

सर्वांत जास्त लक्ष इथे द्या. एकाच प्रिंटरवर चार-पाच टेबलांची रिटर्न निघत असतात. तुमची १४ पानं येत असताना मध्येच कागद संपतो, कुणीतरी कागद भरतो, दोन रिटर्न पाठोपाठ बाहेर येतात आणि घाईत एक गठ्ठा उचलला जातो. मग एकाच्या पाकिटात दुसऱ्याचं शेवटचं पान जातं, बहुधा बँक खातं असलेलंच.

म्हणून ही पद्धत बसवा. प्रिंट दिली की स्वतः प्रिंटरजवळ उभं राहायचं. गठ्ठा टेबलावर आणल्यावर करदात्यासमोर प्रत्येक पानावरचं नाव बघायचं. ज्या पानावर नाव नसतं त्यावर सोशल सिक्युरिटी नंबरचे शेवटचे चार आकडे जुळवायचे. एवढं झाल्यावरच स्टेपल मारायचं. मूळ कागदांचंही तेच करा. आलेले डब्ल्यू-२, १०९९, कार्डं फॉर्म १३६१४-सीशी ताडून परत द्यायची आणि 'तुमची कार्डं मिळाली का?' असं विचारायचं. सोशल सिक्युरिटी कार्ड काचेवर स्कॅनरमध्ये विसरणं फार सोपं आहे. दिवसातून दोनदा स्कॅनरचं झाकण उघडून बघा.

अडकलेली प्रिंट हा आणखी एक सापळा आहे. कागद अडकला म्हणून तुम्ही दुसऱ्या प्रिंटरवर काढलंत, पण पहिल्याची रांग तशीच राहिली. दुसऱ्या दिवशी ग्रंथालयाच्या कर्मचाऱ्यानं प्रिंटर चालू केला की ते रिटर्न बाहेर येतं. त्यामुळे प्रिंट रद्द केली की रांगेतूनही काढायची. ऑफिसच्या मोठ्या झेरॉक्स-कम-प्रिंटरमध्ये बऱ्याचदा हार्ड डिस्क असते आणि पानांच्या प्रतिमा तीत राहू शकतात. तसलं मशीन टाळून यूएसबी केबलनं जोडलेला छोटा लेझर प्रिंटर घ्या.

ई-फाइलच्या अधिकारपत्राची, म्हणजे फॉर्म ८८७९ ची सही रिटर्न पाठवण्याआधी घ्यायची, संयुक्त असेल तर दोघांची. सही केलेली प्रत करदात्याच्या पाकिटात जाते. केंद्रानं ती साठवायची गरज नाही. 'असू दे एक कॉपी' या काळजीपोटी भरलेलं कपाट हाच पुढे सर्वांत मोठा धोका होतो.

चुकलेली पानं कचऱ्यात नाही, श्रेडरमध्ये. लांब पट्ट्या काढणारा श्रेडर नको, पट्ट्या जोडता येतात. आडवे-उभे तुकडे करणारा, जर्मन मानकात पी-४ म्हणतात तसा, म्हणजे साधारण ४ × ४० मिलिमीटरचे तुकडे पाडणारा पुरतो. श्रेडर नसेल तर कुलूपबंद पेटी ठेवा आणि ती नष्ट करणाऱ्या कंपनीकडून लेखी दाखला घ्या.

कागद ठेवून जाणारे आणि दुरून काम करून घेणारे

काही केंद्रांवर करदाता कागद ठेवून जातो आणि आठवड्यानं येतो, काही ठिकाणी सगळं ऑनलाइन चालतं. दोन्हींत फॉर्म १४४४६ वर संमती लागते. माहिती कुणाकडे जाईल आणि कशी, हे त्यात लिहिलेलं असतं. तो समजावून सांगा, नुसता पुढे सरकवू नका.

ठेवून घेतलेल्या कागदांसाठी प्रत्येकाचं वेगळं बंद पाकीट, वर फक्त क्रमांक आणि आडनावाचं पहिलं अक्षर, आत कागदांची यादी, आणि नोंदवहीत कुणी कधी घेतलं, कुणी कधी उघडलं याची नोंद. कपाटाला कुलूप, किल्ली दोघांकडेच. पाकीट घरी न्यायचं नाही. परत देताना पुन्हा ओळखपत्र पाहा. बायकोचे कागद नवरा न्यायला आला आणि रिटर्न वेगवेगळी असतील, तर तिच्या लेखी परवानगीशिवाय देऊ नका.

रिटर्न नाकारलं गेल्यावर फोन करावा लागतो. आन्सरिंग मशीनवर 'तुमच्या मुलाचा नंबर आधीच वापरलाय' असं सांगायचं नाही, फक्त केंद्राला फोन करा एवढाच निरोप. हे उदाहरण मुद्दाम घेतलं, कारण यात खरा पेच असतो. विभक्त आईवडिलांपैकी दोघांची रिटर्न एकाच केंद्रात झालेली असू शकतात आणि मुलाला आधी कुणी दाखवलं हे तुम्हाला ठाऊक असू शकतं. तरी सांगायचं नाही. आयआरएसही सांगत नाही.

संमतीचे चौकोन

सॉफ्टवेअरमध्ये काही परवानग्या विचारल्या जातात. त्यांतली महत्त्वाची फॉर्म १५०८० ची: दिली तर करदाता पुढच्या वर्षी दुसऱ्या व्हिटा-टीसीई केंद्रात गेल्यावर तिथे त्याची मागची माहिती उघडता येते. ही परवानगी ऐच्छिक आहे, नाही म्हटलं तरी रिटर्न भरून द्यावंच लागतं. घाईत रिटर्न तयार करणारा स्वयंसेवकच 'हो' वर टिचकी मारतो, ही चूक आहे. वाचून दाखवा, करदात्याला त्याचा पिन (आयपी पिन नव्हे, सहीऐवजीचा) आणि तारीख स्वतः टाकू द्या.

ओळखीपाळखीचे लोक

मराठी समाज छोटा आहे. गणेशोत्सवात भेटणारे काका आज तुमच्या टेबलावर येतात आणि त्यांची नोकरी गेल्याचं घरच्यांच्या आधी तुम्हाला कळतं. अशा वेळी त्यांना मोकळेपणी विचारा, 'तुम्हाला दुसऱ्या कुणाकडे बसायला आवडेल का?' बऱ्याच जणांना हायसं वाटतं. नंतर त्यांनी विषय काढला नाही तर तुम्हीही काढू नका. अमुक माणूस केंद्रावर आला होता, एवढं सांगणंही माहिती फोडणंच आहे, कारण उत्पन्न साधारण किती ते त्यावरून कळतं.

विमा, घरं किंवा गुंतवणुकीचा धंदा करणाऱ्यांनी जास्त जपायला हवं. टेबलावर कळलेल्या गोष्टीवरून नंतर पॉलिसी विकायला फोन करणं आचारसंहितेत सरळ निषिद्ध आहे. मंडळाच्या कार्यक्रमांची ईमेल यादी वाढवायला करदात्यांचे पत्ते घेणंही त्यातच येतं, हेतू कितीही चांगला असला तरी.

गडबड झालीच तर

लपवू नका. उशिरानं चोराला वेळ मिळतो, बाकी काही साधत नाही. आधी कोऑर्डिनेटरला सांगा. आयआरएसच्या स्थानिक 'स्पेक' कार्यालयाला, म्हणजे व्हिटा-टीसीई पाहणाऱ्या विभागाला, कळवणं त्याचं काम. लॅपटॉप हरवला किंवा चोरीला गेला तर तिथे लगेच, फार तर पुढच्या कामाच्या दिवशी कळवावं लागतं, आणि चोरी असेल तर पोलिसांतही नोंद करावी. काय झालं, किती वाजता, कुणाकुणाची माहिती होती, हे आठवणीत ताजं असतानाच लिहून काढा.

दुसऱ्याचं पाकीट गेलं असेल तर ते परत मिळवा आणि ज्याचं होतं त्याला स्पष्ट सांगा. त्यानं आयआरएसच्या संकेतस्थळावर खातं उघडून आयपी पिन घ्यावा आणि इक्विफॅक्स, एक्सपीरियन, ट्रान्सयुनियन या पतनोंदी ठेवणाऱ्या तिन्ही कंपन्यांकडे क्रेडिट फ्रीझ करावं, म्हणजे त्याच्या नावावर दुसऱ्याला कर्ज काढणं अवघड होतं. २०१८ पासून ते फुकट आहे. माहिती फुटल्याचं कळवण्याबाबत प्रत्येक राज्याचा वेगळा कायदा आहे, तो कोऑर्डिनेटर आणि संस्था पाहतील.

खोट्या मेलवर पासवर्ड टाकून बसलात तर तो लॅपटॉप नेटवरून तोडा, पण बंद करू नका आणि 'साफ' करायला जाऊ नका, त्यातले पुरावे लागतात. पासवर्ड दुसऱ्या यंत्रावरून बदला आणि तुमचं युजरनेम बंद करायला सांगा. मग न पाठवलेली रिटर्न एकेक करून उघडून बँक खातं तपासा. चोर तयार रिटर्नमध्ये फक्त तो एक आकडा बदलून ठेवतात. केंद्राच्या ईफिनवर, म्हणजे ई-फाइलसाठी आयआरएसनं दिलेल्या क्रमांकावर, किती रिटर्न गेली हे आयआरएसच्या ई-सर्व्हिसेसमध्ये दिसतं. केलेल्या कामापेक्षा तो आकडा मोठा असेल तर कुणीतरी तुमचा क्रमांक वापरतंय.

सीझन संपल्यावर

१५ एप्रिलनंतर सगळे पांगतात आणि लॅपटॉप कुठल्यातरी कपाटात जातात, म्हणून हे त्याच आठवड्यात उरका. वेळेत पाठवलेलं पण नाकारलं गेलेलं रिटर्न दुरुस्त करून पुन्हा ई-फाइल करायला पाच दिवस मिळतात, तेवढी थोडी माणसं थांबवा. बाकीच्यांची युजरनेम बंद करा. खरं तर मध्येच काम सोडणाऱ्याचं नाव त्याच दिवशी बंद व्हायला हवं. सगळ्या लॅपटॉपवरून करदात्यांची माहिती पुसा. जुन्या फिरत्या डिस्कवर पुन्हा पुन्हा लिहून पुसणारं सॉफ्टवेअर चालतं. एसएसडीवर त्याचा भरवसा नाही, कारण ती डिस्क लिखाण वेगवेगळ्या जागी फिरवत राहते. तिथे निर्मात्याचं 'सिक्युअर इरेज' वापरा किंवा एन्क्रिप्शनची किल्लीच नष्ट करा. पेन ड्राइव्ह, स्कॅनरची मेमरी आणि केंद्राच्या मेलमधला 'सेंट' विभागही बघा. न नेलेल्या पाकिटांच्या मालकांना फोन करा, पाकिटं तशीच पुढच्या वर्षासाठी ठेवू नका. स्वयंसेवकांचे पत्ते आणि फोन असलेल्या यादीलाही हीच काळजी लागते.

जूनमध्ये कुणीतरी 'माझ्या रिटर्नची कॉपी मेल करा ना' म्हणून फोन करेल. त्याला आयआरएसच्या ऑनलाइन खात्यातून ट्रान्सक्रिप्ट, म्हणजे रिटर्नमधल्या नोंदींचा उतारा, फुकट काढता येते, ते कसं करायचं तेवढं सांगा.